नववा चौकोन

लॉकवेन बंदर, १४ मे

रोझेन,

तुझी सही मी अजून ओळखते. 'त्रेमेल' या तुझ्या आडनावातल्या पहिल्या अक्षराची आडवी रेघ तू शाळेतही शेवटपर्यंत ओढायचीस, सबंध नावावर छप्पर घातल्यासारखी. काल टपालाने आलेल्या कागदाच्या तळाशी तेच छप्पर होतं. वर छापलेलं, 'सरकारी वकिलांच्या वतीने', आणि खाली तू. तू इथल्या न्यायालयात आहेस हे मला त्या सहीवरून कळलं, आणि जानेवारीपासून आहेस हे आज चौकशी केल्यावर. आमच्या दारापासून वीस किलोमीटरवर, चार महिने.

कागदात काय आहे ते मीच तुला सांगते, कारण तू तो वाचलेला नाहीस. वाचून सही केली असशील तर हे पत्र इथेच फाडून टाक, पुढे आपल्यात बोलण्यासारखं काही नाही.

प्रकरण बंद. कारण क्रमांक एकवीस: गुन्हा पुरेसा स्पष्ट होत नाही. त्याखाली टाइप केलेली दीड ओळ: 'तपासणीच्या तक्त्यांनुसार मशीनची संरक्षक जाळी जागेवर होती. मृत्यू मृत कामगाराच्या स्वतःच्या निष्काळजीपणामुळे झाला.'

मृत कामगार म्हणजे गुलवेन. आमचा दादा. तुझाही, असं तूच म्हणायचीस.

तुला हे असं कळतंय याचं मला वाईट वाटायला हवं. वाटत नाही. गेल्या सप्टेंबरच्या एकोणीस तारखेला सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी, आमच्या सार्डिन माशांच्या कारखान्यात, डब्यांना झाकणं बसवायच्या मशीनने त्याचा एप्रन ओढला आणि एप्रनमागोमाग त्याला. बावन्न वर्षांचा होता. जाळी असती तर झालं नसतं. पण जाळी असली की डबा अडकल्यावर मशीन आपोआप थांबतं, आणि मोसमात मशीन थांबलेलं कारखाना चालवणाऱ्या कारवेनसाहेबांना चालत नाही. कामगार खात्याच्या निरीक्षकाला ती जाळी बॉयलरमागे सापडली, वर बोटभर धूळ. अहवालात तसं लिहिलंय असं त्याने आईचा हात धरून सांगितलं. तो अहवाल तुझ्याच फाइलमध्ये आहे.

तुला कळवलं नाही, हे खरं. मीच कळवू दिलं नाही. तुझ्या आईच्या अंत्यविधीला मी तुला सगळ्यांसमोर 'पाहुणी' म्हणाले, त्यानंतर अकरा वर्षं आपण एकमेकींशी बोललो नाही, तेही खरं. पण केरदोंक हे आमचं आडनाव कागदावर दिसल्यावर तुझं पेन एक क्षणही थांबलं नाही? या भागात दर तिसऱ्या दारावर ते नाव आहे, असं म्हणशील. म्हण.

सांत्वन नको. ती दीड ओळ काढ. आई ती रोज चष्मा लावून वाचते आणि घडी घालून पुन्हा पाकिटात ठेवते. तीस वर्षं एकही पाळी न बुडवलेल्या, माझ्या मुलीला सायकल शिकवताना कोपरांना उशा बांधणाऱ्या माणसाला तुम्ही निष्काळजी म्हणता.

आर्मेल


२ जून

रोझेन,

तुझ्याकडून पत्र आलं असं वाटून मी पाकीट रस्त्यातच फोडलं. आत छापील पावती. 'आपला दिनांक १४ मे रोजीचा पत्रव्यवहार प्राप्त झाला असून तो संबंधित फाइलला जोडण्यात आला आहे.' खाली शिक्का आणि क्रमांक.

म्हणजे गुलवेनच्या कोपराच्या उशा आता सरकारदप्तरी आहेत. तुझ्या घरचा पत्ता माझ्याकडे नाही म्हणून कचेरीच्या पत्त्यावर लिहिलं, तर तुमच्या कारकुनाने पाकीट फोडलं, शिक्का मारला आणि लावून टाकलं. हे जोडायला तुम्हाला वेळ आहे. निरीक्षकाचा अहवाल वाचायला नव्हता.

आईला मी पावती वाचून दाखवली. ती म्हणाली, "मिळालं ना तिला? मग झालं. ती सावकाश उत्तर देते. लहानपणी मासा पण सावकाश खायची."

"आई, तिने सही केलीय."

"वरून सांगितलं असेल."

"आणि तिने ऐकलं."

"तू कारखान्यात कुणाचं ऐकत नाहीस का?"

मी उठून भांडी घासायला लागले.

तुझे वडील बोटीवर आणि आई संध्याकाळच्या पाळीला, म्हणून सहा वर्षं तू आमच्याकडे जेवलीस. खिडकीकडची खुर्ची तुझी होती. बोर्दोच्या त्या न्यायाधीशांच्या शाळेतून पहिल्यांदा सुट्टीला आलीस तेव्हा त्याच खुर्चीत बसून, काळ्या गव्हाची घिरडी ताकाबरोबर खात, तू आम्हाला समजावून सांगत होतीस. तुमच्यात दोन जाती. बसून निकाल देणारे आणि उभं राहून मागणी करणारे. "मी उभी राहणार आहे," म्हणालीस. आई म्हणाली, "मग बूट चांगले घे."

मग तू ती गंमत सांगितलीस. उभं राहणाऱ्यांना वरिष्ठांचं ऐकावं लागतं, साहेब सांगतील तेच कागदावर लिहावं लागतं. पण न्यायालयात उभं राहिल्यावर तोंड ज्याचं त्याचं. लिहिलंय त्याच्या बरोबर उलटही बोलता येतं, आणि कुणी अडवू शकत नाही. शेकडो वर्षांची रीत आहे, म्हणालीस. गुलवेन हसून हसून खोकायला लागला. "म्हणजे आमच्या आईसारखं. तिला लिहिता येत नाही आणि बोलताना थांबवता येत नाही."

तू त्या दिवशी किती खूश होतीस. मला वाटलं होतं तू ती रीत वापरायला निघालीस. ती नुसती सांगायला छान असते हे मला कळलं नाही.

आर्मेल


९ सप्टेंबर

रोझेन,

तुझ्या वरच्या कचेरीकडे दाद मागितली होती. अडीच महिन्यांनी तीन ओळी आल्या. तुमचंच बरोबर आहे. तुम्ही सगळे मिळून एकच माणूस असता असं आमच्या वकीलबाईंनी सांगितलं. एकाने सुरू केलेलं दुसऱ्याने संपवावं, एकासाठी दुसऱ्याने सही करावी, कुणाची म्हणून वेगळी जबाबदारी नाही. छान सोय आहे. आमच्या कारखान्यातही तशी आहे, फक्त मशीनमध्ये जातो तो मात्र एकेकटा.

तर आता आम्ही कारवेनसाहेबांना थेट न्यायालयात बोलावलंय. कायद्याने ते करता येतं. तुम्ही नाही म्हटलं तरी कुटुंबाला आरोपीला न्यायाधीशांसमोर उभं करता येतं. तारीख चार डिसेंबर, मंगळवार. मंगळवार तुझा असतो म्हणे. तुमच्या कचेरीत तीनच माणसं, त्यातला एक सुट्टीवर, म्हणून तूच असशील.

आणि तुझी लेखी मागणीही वकीलबाईंनी मला दाखवली. पुन्हा तेच छप्पर. 'आरोपीला निर्दोष सोडावे.' या वेळी तू वाचलं असशील. माझी दोन पत्रं फाइलमध्ये आहेत, अहवाल आहे, गुलवेनचा फोटो आहे. सगळं वाचून लिहिलंस. मे महिन्यातल्या सहीसाठी मी तुला आळशी म्हणत होते. आता काय म्हणू ते मला आईसमोर लिहिता येत नाही, ती शेजारी शेंगा सोलत बसली आहे.

कारखान्यात इवोन सगळ्यांदेखत म्हणाली, "तुमच्या घरी जेवून तुमच्यावरच सही केली होय गं सरकारी वकीलबाईने? घिरडी जास्त कुरकुरीत झाली असतील." सगळ्या हसल्या. मीही हसले. गेल्या वर्षापासून मी माशांची डोकी कापायच्या टेबलावर आहे. झाकणांच्या लाइनवर मला उभं राहवत नाही.

तुम्ही लोक 'तक्त्यांनुसार, तक्त्यांनुसार' करता. तो तक्ता म्हणजे काय ते तुला माहीत नसेल. पाळी सुरू होताना लाइनवरच्या कुणीतरी सतरा चौकोनांत खुणा करायच्या असतात. दिवे, पाण्याचा नळ, आणीबाणीचं बटण, हातमोजे. नववा चौकोन जाळीचा. कुणीतरी रोज खूण करतं, दिवसाअखेर तो कागद साहेबांच्या खोलीत जातो. अशा कागदावर तुम्ही माणसाचं नाव खराब करता.

आर्मेल


२७ नोव्हेंबर

रोझेन,

हेही कचेरीच्याच पत्त्यावर पाठवते आहे. मी पत्ता चुकले असं तुला वाटेल. चुकले नाही. तुमचा कारकून याच्यावरही शिक्का मारील हे मला माहीत आहे. मारू दे.

गेल्या पत्रात मी 'कुणीतरी' लिहिलं. तक्त्याच्या तळाशी दोन अक्षरं असतात, खूण करणाऱ्याच्या नावाची. एकोणीस सप्टेंबरच्या तक्त्यावर आ. के. आहे. त्याआधीच्या तीन आठवड्यांच्या सगळ्या तक्त्यांवरही आ. के. आहे. गुलवेनचं नाव ग-ने सुरू होतं.

तू जूनमध्येच ते पाहिलं असणार. म्हणून गप्प आहेस का? की मी स्वतः बोलायची वाट पाहतेस? मला हे दोन्ही आवडत नाही.

मी न बघता खुणा करायचे. एका दमात, वरून खाली सतरा. सगळेच तशा करतात. चौकोन मोकळा दिसला की कारवेनसाहेब बोलवून विचारायचे, "आर्मेल, पेन संपलं का तुझं?" सगळ्यांसमोर. मग पेन संपू द्यायचं नाही, एवढंच मी शिकले.

वकीलबाईंना काल सांगितलं. त्यांनी पेनाला टोपण लावलं. मग म्हणाल्या, "हे तुम्ही मला आधी सांगायला हवं होतं." मी म्हटलं, "हे मी माझ्या आईलाही सांगितलेलं नाही."

आईला अजूनही सांगितलेलं नाही.

आ. के.


५ डिसेंबर

रोझेन,

काल तू मला 'तुम्ही' म्हणालीस.

मला माहीत आहे, न्यायालयात तसंच म्हणतात. तरी ते कानाला लागलं. तुझा काळा झगा, पांढरी गळपट्टी, आणि ती उंच जागा, न्यायाधीशांच्या बरोबरीची. कारवेनसाहेबांचा वकील खाली आमच्यासारखाच फरशीवर उभा, आणि तू वर. मी मनात म्हटलं, बरोबर आहे, तिथूनच खालचं काही दिसत नसणार. बूट मात्र चांगले होते. आईने ते सगळ्यात आधी पाहिले आणि मला कोपराने ढोसलं.

कारवेनसाहेब चांगलं बोलले. त्यांनी तक्ते वर धरून दाखवले. एकवीस तक्ते, प्रत्येकावर नववी खूण. "आमचे कामगारच सांगताहेत जाळी होती म्हणून. मी काय प्रत्येक मशीनमागे वाकून बघू?" मधल्या न्यायाधीशबाईंनी मान हलवली. मला वाटलं, संपलं.

मग तू माझ्याकडे वळलीस.

"केरदोंकबाई, तक्त्यांवरची ही अक्षरं कुणाची?"

"माझी."

"तुमचं एक पत्र नोंदीत आहे. त्यात तुम्ही लिहिलंय की खुणा न बघता केल्या."

"हो."

"ते पत्र मी वाचलं आहे. मला कागदावरचं नको. तोंडाने सांगा. खुणा केल्या तेव्हा जाळी नव्हती हे तुम्हाला माहीत होतं?"

तेव्हा मला तुझा इतका राग आला की पायरी चढून तुझी गळपट्टी ओढावी. कारण पत्रात मी ते लिहिलं नव्हतं. 'न बघता' लिहिलं होतं. तुझ्याशिवाय कुणाला त्या शब्दात खोट दिसली नसती. शाळेत मी बाईंना सांगायचे, वही घरी विसरले, आणि तू मागून नुसती बघायचीस.

"माहीत होतं," मी म्हटलं. "रोज त्या मशीनजवळून जात होते. जाळीच्या जागी चार भोकं दिसायची, बोल्टची. गुलवेनने दोनदा कारवेनसाहेबांना सांगितलं होतं, जाळी लावा म्हणून. साहेब म्हणाले, मोसम संपू दे. मी तिथेच उभी होते. आणि दुसऱ्या दिवशी मी नवव्या चौकोनात खूण केली."

मागे बाकावर आई बसली होती. मी वळून पाहिलं नाही. तिला कमी ऐकू येतं. पण त्या खोलीत तेव्हा इतकी शांतता होती की सगळ्यांनाच ऐकू आलं असेल.

कारवेनसाहेबांना न्यायाधीशबाईंनी विचारलं, "मृताने तुम्हाला सांगितलं होतं?" ते म्हणाले, आठवत नाही. मग म्हणाले, मोसमात लोक खूप काही सांगतात.

शेवटी तुझी पाळी. तू उभी राहिलीस. तू जे बोललीस ते मी इथे लिहून ठेवते, कारण तुमच्यात ते कुठे लिहिलं जात नाही म्हणे.

"माझ्या कचेरीची लेखी मागणी फाइलमध्ये आहे. आरोपीला निर्दोष सोडावं अशी. तो कागद माझ्या सहीचा आहे, मी तो मागे घेत नाही, मला घेताही येत नाही. आता मी उभी आहे."

तुझे वरिष्ठ देल्मासाहेब मागच्या दाराशी येऊन थांबले होते. तू त्यांच्याकडे पाहिलं नाहीस.

"मे महिन्यात मी एका सकाळी एकशे चाळीस कागदांवर सह्या केल्या. त्यातला एक या माणसाचा होता. मी तो वाचला नाही. या बाईंनी नवव्या चौकोनात खूण केली, कारण मोकळा चौकोन त्यांच्या साहेबांना आवडत नव्हता. माझीही सही तशीच होती. तेव्हा मी आज त्यांच्याकडे बोट दाखवणार नाही. एकवीस तक्ते म्हणजे एकवीस वेळा जाळी होती असं नाही. एकवीस वेळा या कारखान्यात कुणाची खरं लिहायची छाती झाली नाही, एवढंच त्यावरून दिसतं. आणि ती भीती कुणी घातली ते समोर बसलेत. ज्याने दोनदा तोंडाने सांगितलं तो एकच माणूस होता, आणि आम्ही त्याला निष्काळजी म्हटलं. आरोपीला दोषी ठरवा."

मग बसलीस. झगा नीट केलास, आणि पुढच्या प्रकरणाची फाइल उघडलीस. कुणाच्या तरी चोरलेल्या मोटारसायकलची.

मी तुला बाहेर शोधलं नाही. काय म्हणणार होते? सात महिने मी तुला शिव्या घालत होते आणि तू एक ओळ लिहिली नाहीस. निदान एक. 'थांब' एवढं लिहायला साहेबांची परवानगी लागते का?

बसमध्ये आईने तिकिटं पर्समध्ये ठेवली. मग म्हणाली, "चार भोकं होती?"

"हो."

"रोज दिसायची?"

"हो, आई."

घरी आल्यावर तिने माझ्या हातातली पिशवी घेतली नाही, एरवी घेते. कालपासून माझ्या ताटात ती वाढते, पण माझ्याकडे बघत नाही. हे तू माझ्याकडून वदवून घेतलंस. ते खरं होतं म्हणून राग कमी होत नाही.

आर्मेल


१६ जानेवारी

रोझेन,

काल निकाल लागला. तू नव्हतीस. तुझ्या जागी एक तरुण मुलगा उभा होता, तो एक शब्दही बोलला नाही.

कारवेनसाहेब दोषी. दहा महिने, पण तुरुंगात जावं लागणार नाही. कारखानाही दोषी. दहा महिन्यांचं मला काही वाटलं नाही. न्यायाधीशबाईंनी मात्र वाचलं, 'मृत कामगाराकडून कोणतीही चूक झालेली नाही, त्याने धोक्याची सूचना वेळोवेळी दिली होती.' आईने मला विचारलं, काय म्हणाल्या? मी तिच्या कानात सांगितलं. तिने पर्समधून ते मे महिन्याचं पाकीट काढलं, तिथेच बाकावर त्याचे चार तुकडे केले आणि पर्समध्ये परत ठेवले, कारण न्यायालयात कचरा कुठे टाकायचा ते तिला कळेना.

मला कारखान्यातून ताकीद आली आहे, खोट्या खुणा केल्याबद्दल. ती देणाऱ्याचं नाव वाचून मी हसले: कारवेनसाहेब. इवोन नव्या तक्त्यावर खुणा करते. परवा तिने अकरावा चौकोन मोकळा ठेवला. नळ गळत होता. दुपारी माणूस येऊन नळ दुरुस्त करून गेला. ती माझ्या टेबलापाशी येऊन म्हणाली, "पेन संपलं माझं."

वकीलबाईंकडून कळलं, तुझे मंगळवार काढून घेतलेत. आता तू वाहनांच्या दंडाच्या फायलींवर आहेस, उभं राहायला लागत नाही अशा खोलीत. बोलल्याबद्दल तुम्हाला कुणी शिक्षा करू शकत नाही, पण खोली बदलू शकतात, असं दिसतं. तू ते आम्हाला त्या दिवशी जेवताना सांगितलं नव्हतंस. माहीत नव्हतं, की सांगितलं नाहीस?

मला अजून राग आहे. मे महिन्याच्या सहीचा आहे. सप्टेंबरच्या त्या मागणीचा आहे, जरी ती तुला का लिहावी लागली ते आता कळतं. सात महिन्यांच्या गप्प बसण्याचा सगळ्यात जास्त. आणि थोडा असा आहे, की तो माझ्यावरच आहे आणि कुठे ठेवावा ते समजत नाही, म्हणून तुझ्या नावाने टपालात टाकते.

काल रात्रीच्या जेवणाला आई जूननंतर पहिल्यांदाच तुझ्याबद्दल बोलली. माझ्याकडे बघून बोलली, तेही त्या सुनावणीनंतर पहिल्यांदाच. "तिला म्हणावं, लिहू नको. तिचं लिहिलेलं आपण पाहिलं. रविवारी घिरडी करणार आहे."

तेव्हा हे शेवटचं पत्र. यावर शिक्का मारून जोडून टाका. यापुढे तुला माझ्याकडून कागद येणार नाही, मलाही तुझ्याकडून नको. रविवारी साडेबाराला ये. खिडकीकडची खुर्ची तिथेच आहे. गुलवेन तिच्यावर कोट टाकायचा, तो मी उचलला आहे.

दारात मात्र उभी राहू नकोस. आमच्याकडे बसून बोलतात.

आर्मेल